आवाज काय, शेवटी लावतात!

परभणी जिल्ह्यातल्या जिंतुरात बारावीच्या मुलांसाठी ठेवलेल्या एका मार्गदर्शन कार्यक्रमात मागच्या रांगेतली एक मुलगी उठली. "सर, कार्टूनच्या आवाजाचं आणि एडिटिंगचं काम शिकायचं असेल तर काय करावं?" व्यासपीठावरचे पाहुणे हसले. म्हणाले, "बाळ, ॲनिमेशन करायचं तर चित्र शीक. आवाज काय, शेवटी लावतात!" सभागृह हसलं. माइकने मधेच एक शिट्टी मारली, मुलगी खाली बसली आणि चहा आला.

मी त्याच सभागृहात भिंतीला टेकून उभा होतो. हे 'शेवटी लावायचं' काम करून चौदा वर्षं पोट भरतोय. तिथल्या तिथे बोलायला हवं होतं, पण पाहुण्यांचा मान आडवा आला. म्हणून आता लिहितो. पाहुण्यांचं नाव घेत नाही, कारण ते वाक्य त्यांच्या एकट्याचं नाही. मी ते निर्मात्यांच्या तोंडून ऐकलंय, क्लासवाल्यांच्या तोंडून ऐकलंय. माझे मामा तर अजून विचारतात, "आवाज लावायचं म्हंजे डीजेचंच की रे?"

आधी त्या क्रियापदाकडे बघू. आपण कुंकू लावतो, कुलूप लावतो, मलम लावतो, दाराला तोरण लावतो. म्हणजे वस्तू आधीच पुरी झालेली असते आणि आपण तिच्यावर वरून काहीतरी चढवतो. तोरण नसलं तरी दार दारच राहतं. पाहुण्यांच्या डोक्यात कार्टून हे असं दार आहे. चित्रं हलली की झालं, मग कुणीतरी आवाजाचं तोरण बांधायचं. हीच समजूत चुकीची आहे. त्या चुकीवरच या धंद्यातला पगार, मान आणि अभ्यासक्रम ठरतो, म्हणून ती हसण्यावारी सोडून चालत नाही.

माणसांचा सिनेमा शूट होतो तेव्हा माइक नको ते सगळं पकडतो. कुत्रं भुंकतं, जनरेटर घरघरतो, नायिकेच्या साडीची सळसळ होते. साउंडवाल्याचं अर्धं आयुष्य त्यातलं काय काढून टाकावं यात जातं. ॲनिमेशनमध्ये काढून टाकायला काहीच नसतं. काढलेला पोरगा काढलेल्या बांधावरून चालतो तेव्हा त्याला पावलं नसतात, दम नसतो, त्याच्या अंगावरून वारा जात नाही. तेच चालणं मी जड थपथपीने भरलं तर पोरगा थोराड वाटतो, टाचा न टेकवता भरलं तर तो चोरून कुठेतरी निघालाय असं वाटतं. चित्रात रेघही बदललेली नसते. त्या पोराला वजन चित्रकाराने अर्धंच दिलेलं असतं, उरलेलं कानाने भरावं लागतं.

आता 'शेवटी' या शब्दाकडे येऊ. ॲनिमेशनमध्ये संवाद सहसा आधी ध्वनिमुद्रित होतात, ओठ नंतर काढले जातात. दुसऱ्या भाषेत डब करायचं असेल तर क्रम उलटा, पण मूळ निर्मितीत बहुतेक वेळा आवाज पुढे आणि चित्र मागे. नट माइकसमोर बोलून जातो. मग एक माणूस तो आवाज तुकड्यातुकड्याने ऐकतो आणि कोणतं अक्षर कितव्या फ्रेमवर पडतं ते एका तक्त्यात भरतो. त्याला एक्सपोजर शीट किंवा डोप शीट म्हणतात. 'माझी भाकर कुठंय?' एवढं साधं वाक्य घ्या. 'मा'ला आधी ओठ मिटतात, 'झी'ला दात दिसतात, 'भा'ला पुन्हा ओठ मिटून जबडा खाली येतो, 'कु'ला ओठांचा चंबू होतो. ओठ अक्षराच्या एक-दोन फ्रेम आधीच हलले तर डोळ्याला बरं वाटतं, म्हणून तेवढं पुढे सरकवायचं. बालवाडीत घोकलेली प-फ-ब-भ-म ही रांग म्हणजे लिपसिंकचा पहिला धडा आहे, हे मला मुंबईत जाऊन कळलं. ओठ मिटले नाहीत तर ही पाच अक्षरं पडद्यावर खोटी पडतात. बाकीच्या वर्णमालेत थोडी हयगय खपते.

हा तक्ता चित्रकाराच्या हाती पडल्यावर तोंड हलायला लागतं. तेव्हा शेवटी कोण आलं?

एडिटिंगची गोष्ट तर याहून उलटी आहे. माणसांच्या सिनेमात संकलक ढिगातून निवडतो. दहा तासांचं चित्रण, त्यातले दोन तास ठेवायचे. ॲनिमेशनला असा ढीग परवडत नाही. सेकंदाला २४ फ्रेम. एक चित्र दोन फ्रेमला धरलं तरी सेकंदाला १२ चित्रं. मुलांच्या मालिकेचा ११ मिनिटांचा एक भाग म्हणजे ६६० सेकंद, म्हणजे ७,९२० चित्रं. हल्ली पात्रं कॉम्प्युटरवर बाहुलीसारखी हलवतात, हातांनी तेवढं काढत नाहीत, तरी हिशेबाची जात तीच. यातले दहा सेकंद नंतर 'नको' म्हणून कापले तर कुणाचे तरी कित्येक दिवस पाण्यात गेले. म्हणून कात्री आधी चालते. स्टोरीबोर्डची कच्ची चित्रं आणि संवादाचा कच्चा आवाज एकामागोमाग लावून एक ओबडधोबड चित्रपट तयार करतात, त्याला ॲनिमॅटिक म्हणतात. विनोद अर्धा सेकंद उशिरा येतोय, ही शांतता आणखी आठ फ्रेम ताणा, हा प्रसंगच काढा, हे सगळं तिथे ठरतं. एकही पक्कं चित्र निघायच्या आधी. ॲनिमेशनचा संकलक सगळ्यात आधी घरात शिरतो आणि सगळ्यात शेवटी दिवा मालवून बाहेर पडतो.

पाहुण्यांना मी सांगतोय ते पटणार नसेल तर वॉल्ट डिस्नेचं उदाहरण घ्या. 'स्टीमबोट विली' १८ नोव्हेंबर १९२८ला न्यूयॉर्कात लागला. त्याआधीही कार्टूनला आवाज जोडायचे प्रयत्न झाले होते, पण आवाज आणि हालचाल एका ठोक्यावर चालणं लोकांनी इथे अनुभवलं. ते सहज झालं नाही. ध्वनिमुद्रणाचा पहिला प्रयत्न फसला, वाद्यवृंदाचा चित्राशी मेळ बसेना. पुन्हा पैसे उभे करायला डिस्नेने स्वतःची मोटार विकली. शेवटी लावायच्या गोष्टीसाठी कुणी मोटार विकत नाही.

यावर कुणी म्हणेल, दादासाहेब फाळक्यांनी १९१५ साली 'आगकाड्यांची मौज' केली, काड्या पडद्यावर नाचवल्या, तिथे कुठे आवाज होता? बरोबर आहे. पण मूकपटसुद्धा थिएटरात मुका नसायचा. पडद्याखाली पेटी-तबला घेऊन माणसं बसलेली असत. तेव्हाच्या प्रेक्षकालाही हलणारं चित्र नुसतं बघवत नव्हतं.

घरचा पुरावा द्यायचा तर १९७४चा 'एक अनेक और एकता'. फिल्म्स डिव्हिजनची छोटीशी फिल्म. दिग्दर्शन विजया मुळ्यांचं, ॲनिमेशन भीमसेन यांचं, संगीत वसंत देसायांचं. 'श्यामची आई'ला संगीत देणारे तेच वसंत देसाई. त्यातला कोवळा आवाज लहानग्या साधना सरगमचा. चाळिशी ओलांडलेल्या कुणालाही विचारा, त्यातली पाखरं कोणत्या रंगाची होती? आठवणार नाही. पण विचारता विचारताच समोरचा माणूस चाल गुणगुणायला लागलेला असतो. मी हा प्रयोग परभणीच्या बसस्टँडवर केलाय, एका कंडक्टरवर. त्याने अख्खं गाणं म्हटलं आणि मला फलाटावर सोडून गाडी काढली.

दुसरा पुरावा शेरखान. १९९०च्या दशकात रविवारी सकाळी दूरदर्शनवर 'जंगल बुक' लागायचं. वाघ जपान्यांनी काढलेला. हिंदीत त्याच्या तोंडून बोलत होते मुरुडचे नाना पाटेकर. चित्र जपानचं आणि भीती मुरुड-जंजिऱ्याची. आमच्या गल्लीतली पोरं वाघाला घाबरत नव्हती, वाघ बोलायला लागायच्या आधीच्या त्या एका श्वासाला घाबरत होती. तो श्वास नेमका किती लांब ठेवायचा, हेही कुणीतरी बसून ठरवलं होतं.

इथपर्यंत कदाचित पाहुणेही मान डोलावतील. ते हसले त्याचं खरं कारण वेगळं होतं, आणि ते त्यांनी उच्चारलं नाही. जिंतूरची मुलगी आणि हे काम! एरवी 'जगात जर्मनी, भारतात परभणी' म्हणून छाती फुगवणारे आपण, पोरीने परभणीबाहेरचं काही विचारलं की लगेच हसतो.

मला तर जिंतूरचा कान भांडवलासारखा उपयोगी पडला. हॉलिवूडचे फोली आर्टिस्ट, म्हणजे चित्र बघत बघत हातापायांनी आवाज करणारे कलाकार, हाड मोडायला सेलेरीची दांडी मोडतात आणि बर्फातल्या पावलांसाठी कॉर्नस्टार्चची पिशवी दाबतात. मला सेलेरी कुठली माहीत! पहिल्यांदा एका राक्षसाचा हात पिरगाळायचा होता तेव्हा मी गावाकडून आणलेली कडब्याची दोन ताटं ओल्या फडक्यात गुंडाळून मोडली. वाळलेल्या ताटाचा 'कट्' आणि ओल्या कापडाची 'चर्र', दोन्ही एकदम. दिग्दर्शक खुर्चीतून मागे सरकला. तुरीच्या वाळल्या शेंगा पोत्यात हलवल्या की साप येतो. पत्र्याच्या घरात दुपारी चारनंतर ऊन उतरायला लागलं की पत्रा टक् टक् वाजतो. तो आवाज मी एका भुताच्या वाड्याला वापरलाय, आणि मुंबईतल्या कुणालाही तो ओळखता आला नाही. इथे येलदरीला धरणाचे दरवाजे उघडतात तेव्हा पूर्णेचं पाणी कानाच्या आधी छातीत वाजतं. नेमगिरीच्या लेण्यांत वाकून शिरावं लागतं, आत बोललेला शब्द अंगाशी चिकटून राहतो. एखाद्या जागेचा घुमारा टिपायला साउंडवाले फुगा फोडतात. नेमगिरीला देवासमोर फुगा कोण फोडू देईल, आणि फोडूही नये. एक टाळी पुरते.

पण खरा किस्सा शेवयांच्या यंत्राचा आहे. 'वॉल-ई' या २००८च्या चित्रपटासाठी बेन बर्ट यांनी त्या छोट्या यंत्रमानवाच्या चालण्याला हाताने फिरवायच्या जुन्या जनरेटरचा आवाज दिला, असं मी वाचलं, तेव्हा मला थेट आमचा ओटा आठवला. चैत्र-वैशाखात आई पाटाला यंत्र आवळून बसायची. एक जण पीठ दाबणार, एक जण दांडा फिरवणार, तिसरा खाली काठीवर शेवया झेलणार. पीठ घट्ट असलं की दांडा कण्हतो. सुरुवातीला बारीक किंचाळी, मग दातांची कुरकुर, आणि पीठ संपत आलं की एकदम हलका मोकळा खडखडाट. मी ते मोबाइलवर टिपलं, स्टुडिओत आणून वेग निम्मा केला. किंचाळीचं कण्हणं झालं, कुरकुरीची साखळी झाली. एका किल्ल्याचा दरवाजा उघडायचा होता, तो आईच्या शेवयांनी उघडला. शेवटचा मोकळा खडखडाट मी तसाच ठेवला, कारण दार पूर्ण उघडल्यावर ओझं सुटतं तसं ते वाटत होतं. आईला दाखवलं तर ती म्हणाली, "यंत्राला तेल द्यायला पाहिजे." तिचा कान माझ्यापेक्षा चांगला आहे.

भाषेचंही तेच. जिंतूरच्या बाजारात अर्ध्या तासात मराठवाडी मराठी, दखनी उर्दू, तांड्यावरची गोरमाटी आणि टीव्हीतली हिंदी एवढं सगळं कानावर पडतं. वाक्य कुठे तुटतं, माणूस श्वास कुठे घेतो, 'काय करायलास?' मधला हेल कुठे वर जातो, हे ज्याला अंगवळणी आहे तो संवादाची जुळणी करताना चाचपडत नाही. ही गोष्ट कोणत्याही क्लासात मिळत नाही.

आता माझ्या बाजूचे खड्डे मीच दाखवतो, नाहीतर पाहुणे म्हणतील हा क्लासचा एजंट दिसतो. जिंतूरला बसून सगळं होत नाही. इथे रेल्वे नाही. मी एसटीने परभणी गाठून देवगिरी एक्स्प्रेस पकडली होती, आणि पकडावीच लागते. शेवटचं मिक्सिंग नीट बांधलेल्या खोलीतच होतं, पत्र्याखाली होत नाही. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ध्वनी आणि संकलन हे तीन-तीन वर्षांचे वेगवेगळे अभ्यासक्रम आहेत. तिथल्या जागा थोड्या, प्रवेश अवघड. (नुसतं लावायचंच असेल तर सरकार त्यावर तीन वर्षं का घालवतं, हे जाता जाता विचारून ठेवतो.) काम बहुतेक भागाप्रमाणे ठोक पैशावर मिळतं, पगाराची नोकरी कमी. सुरुवातीला मी एका मालिकेचे २६ भाग केले. पैसे आठ महिन्यांनी आले, आणि श्रेयनामावलीत माझं नाव नव्हतं. विचारलं तर उत्तर मिळालं, "अरे, आवाजवाल्यांची नावं शेवटी टाकतो, वेळ संपला." तेच वाक्य, फक्त आता त्याची किंमत रुपयांत मोजता येत होती. म्हणून मी या एका वाक्याच्या मागे लागलोय. ते व्यासपीठावर विनोद म्हणून निघतं आणि स्टुडिओत बिल बनून येतं.

त्यात सरकारी नावाचीही भर. २०२५ साली राज्य मंत्रिमंडळाने या क्षेत्रासाठी धोरण मंजूर केलं, ते 'एव्हीजीसी-एक्सआर' या नावाने ओळखलं जातं. ॲनिमेशन, व्हिज्युअल इफेक्ट्स, गेमिंग, कॉमिक्स आणि पुढे विस्तारित वास्तव. सहा अक्षरं, आणि आवाजाला त्यात एकही नाही. कॉमिक्सला अक्षर आहे, जिथे आवाज चित्रातच 'धडाम्' असा छापावा लागतो! मी धोरणाच्या विरोधात नाही, पैसा येत असेल तर यावाच. पण नावात जे नसतं ते पुढे वेळापत्रकातही बसत नाही. मी आत जाऊन पाहिलेल्या बहुतेक खासगी ॲनिमेशन क्लासांत ध्वनीला शेवटचे दोन आठवडे होते, तेही परीक्षेच्या तयारीत जायचे. वर भिंतीवर 'शंभर टक्के नोकरी'ची पाटी. पाहुण्यांनी खरं तर त्या पाटीला हसायला हवं होतं.

एक आक्षेप राहिला: एआय. तो मी टाळणार नाही. आवाज साफ करणं, संवादामागची पंख्याची घरघर काढणं, ढोबळ पाऊस किंवा गर्दी बनवणं हे यंत्र आता करतं, आणि बरं करतं. मी रोज वापरतो. तयार लायब्ररीतून 'ढिशूम' उचलून चित्राखाली चिकटवणं एवढंच ज्याचं काम होतं, त्याचं काम जाणार आहे. मला त्याचं फार दुःख नाही. तो खरोखरच आवाज 'लावत' होता. पण दारामागे ओझं सुटल्याचा खडखडाट असावा, हे यंत्राला आधी कुणीतरी सांगावं लागतं, आणि ते सांगायला शेवयांच्या यंत्राजवळ बसलेलं असावं लागतं.

त्या मुलीला मी नाव विचारलं नाही, ती माझी चूक. हे वाचत असशील तर तुला मोठ्या फीची आत्ता गरज नाही. आवाज कापायला ऑडॅसिटी फुकट मिळतं, संकलन आणि ध्वनी दोन्हीसाठी दा विंची रिझॉल्व्हची फुकटची आवृत्ती पुष्कळ दिवस पुरते. कॉम्प्युटर मात्र लागतो. घरी नसेल तर कॉलेजच्या लॅबमध्ये मागून बघ. हेडफोन कानावर बसणारा घे, कानात खुपसायचा नको. मग कोणत्याही कार्टूनचा एक मिनिट निवड, त्याचा आवाज पूर्ण बंद कर आणि स्वयंपाकघरातल्या भांड्यांनी नवा आवाज भर. पहिला वाईट होईल. तो पुसू नकोस, तारीख घालून ठेव. पुढच्या महिन्यात तेच मिनिट पुन्हा कर.

आणि आयोजकांना एक विनंती. पुढच्या वर्षी या विषयावर वक्ता हवा असेल तर मला कळवा. मानधन नको, एसटीचं तिकीट माझं मी काढीन. स्पीकर मात्र माझा आणीन, तुमच्या सभागृहातल्याचा पडदा फाटलेला आहे.